मोंतेवेर्नोवर थेंबाची स्वारी

मोंतेवेर्नो नगरीच्या चौकात, घड्याळाच्या मनोऱ्याखाली, रोज सकाळी उभ्याने कॉफी पिणारी जी थोर मंडळी, त्यांणी आज्ञा केली की, मे महिन्यातील त्या रविवारी बास्केटबॉलच्या दिवाणखान्यात जे युद्ध जाहले, त्याजविषयी वर्तमानपत्रवाले एक सांगतात, क्लबाचे अधिकारी दुसरे सांगतात, आणि जे हजरच नव्हते ते सर्वांत तपशीलवार सांगतात. तरी खरा मजकूर अव्वलपासोन अखेरपर्यंत लिहोन ठेवावा. त्यावरोन हा मजकूर लिहिला असे. यात काही अधिक आढळल्यास ते प्रेक्षकांचे, उणे आढळल्यास ते पदाधिकाऱ्यांचे.

प्रथम दौलतीचे मूळ. महायुद्ध संपोन चार साले जाहली, तेव्हां ओरेस्ते नामे पाद्री यांणी देवळामागील अंगणात दारूच्या पिंपाचे लोखंडी कडे भिंतीस ठोकिले, आणि गावच्या उनाड पोरांस तेथे चेंडू टाकावयास लाविले, आणि या उद्योगास 'कोस्तांत्सा' म्हणजे चिकाटी ऐसे नाव दिले. मग पोरे मोठी जाहली, मग लाकडी जमीन आली, मग छप्पर आले, मग अमेरिकेहून ताडमाड सरदार पगारी आणिले, आणि दौलत व्यावसायिकांत मोजिली जाऊ लागली. मग पुरस्कर्त्यांचे राज्य आले. जो कारखानदार पैका देईल त्याचे नाव फौजेने छातीवर मिरवावे आणि क्लबाच्या नावापुढे लावावे, ऐसा रिवाज पडला. त्या रिवाजाने एक साल दौलतीस बिस्किटांचे नाव होते, एक साल धूर ओढणाऱ्या यंत्राचे, तीन साले हॅमचे, आणि एक साल पायांच्या दुर्गंधीवरील भुकटीचे. भुकटीच्या साली फौज दुसऱ्या क्रमांकास पोहोचली. सबब आजही म्हातारे लोक 'आमची भुकटी' म्हणोन डोळे पुसतात.

प्रस्तुत समयी तख्तावर, म्हणजे क्लबाच्या अध्यक्षपदी, कोम्मेन्दातोरे एर्मेते साल्तारेल्ली होते. कोम्मेन्दातोरे हा किताब सरकारातून मिळतो. तो मिळाल्यापासोन मशारनिल्हे स्वतःच्या घरी फोन केला तरी आधी किताब सांगत आणि मग नाव. त्यांचा कारखाना गळकी छपरे बंद करण्याच्या लेपाचा. लेपाचे नाव 'आश्युत्ता', म्हणजे कोरडी ठणठणीत. त्यावरोन दौलतीचे चालू नाव 'आश्युत्ता कोस्तांत्सा'. आणि ही आश्युत्ता कोस्तांत्सा ज्या दिवाणखान्यात लढे, त्याचे छप्पर सहा साले गळत होते. क्लब म्हणे, इमारत नगरपालिकेची, पालिकेने पाहावे. पालिका म्हणे, लेप कोम्मेन्दातोरे यांचा, त्यांणी लावावा. ऐशा पत्रव्यवहारात उभय पक्षांनी इतका कागद खर्च केला की, तोच छपरावर पसरिला असता तर पाऊस आत येता ना.

या दौलतीत नाझारेनो फात्तोरीनी नामे एक इमानी चाकर होता. वय अडुसष्ट. तरुणपणी अकॉर्डियनचे भाते शिवीत असे. पुढे तो कारखाना बुडाला, तेव्हां बावीस सालांमागे क्लबाने त्यास मैदान पुसण्याची जागा दिली. खेळाडू पडला, घाम सांडला, की नाझारेनोने रुंद पोछा घेवोन धावत जावे, तीन हात जमीन पुसावी, आणि पंचाच्या नजरेआड व्हावे. या कामास पगार नव्हता, गणवेश होता. छतातून पाणी येते म्हणोन त्याने कोम्मेन्दातोरे यांस अकरा पत्रे लिहिली. एकाचे उत्तर आले. ते नाताळच्या शुभेच्छांचे होते.

त्याची बायको देल्फिना दिवाणखान्याच्या दाराशी गाडी लावोन पोर्केत्ता विकीत असे. आख्खे डुक्कर, आत बडीशेप आणि लसूण भरोन, सुती दोरीने करकचून बांधोन, सात तास भाजावे, आणि त्याचे काप पावात घालोन द्यावे, हा तिचा धंदा. उभयतांची पहिली भेट याच दिवाणखान्याच्या तिसऱ्या रांगेत चव्वेचाळीस सालांमागे जाहली. त्यापुढील एकही रविवार त्यांणी अन्यत्र घालविला नव्हता, आणि अन्यत्र रविवार कसा घालवितात हे त्यांस ठाऊकही नव्हते.

त्या साली फौजेने ऐसा पराक्रम केला की तीस लढायांत एकवीस हरली. मग व्यावसायिकांतून हौशी लोकांत घसरू नये म्हणोन अखेरची पाच लढायांची मालिका रोकाल्ताकरांशी पडली. रोकाल्ता म्हणजे समोरच्या टेकडीवरील गाव, अंतर नऊ किलोमीटर, वैर पाचशे सालांचे. कशावरोन पडले ते कोणास आठवत नाही, म्हणोनच टिकले. दोन लढाया यांणी मारिल्या, दोन त्यांणी. पाचवी मोंतेवेर्नोत, रविवारी संध्याकाळी सहास.

आता मसलतीचे वर्तमान. कोम्मेन्दातोरे यांणी पूर्वी नगराध्यक्षांसमोर शपथेने लिहोन दिले होते की, फौज व्यावसायिकांत आहे तोवर मी मोंतेवेर्नो सोडणार नाही. परंतु समुद्राकाठी पोर्तो क्यारो नामे मोठे शहर, तेथे नवा दिवाणखाना, दहा हजार खुर्च्या, आणि खुर्च्यांवर बसणारे लोक छपराविषयी पत्रे लिहीत नाहीत. त्या रविवारी सकाळी नाझारेनो धुतलेले टॉवेल ठेवावयास कचेरीत गेला, आणि कोम्मेन्दातोरे पाठमोरे उभे राहोन फोनवर बोलत होते ते त्याच्या कानी पडले.

"आज हरू द्या हो एकदाचे," कोम्मेन्दातोरे हसून म्हणत होते. "शपथेतून सुटलो की सोमवारी मी तुमचा. गाव दोन दिवस रडेल, मग फुटबॉल बघेल."

नाझारेनोने टॉवेल ठेविले आणि दार न वाजविता बाहेर आला. गाडीपाशी येवोन देल्फिनेस सर्व सांगितले.

"मग जा ना चौकात, ओरडून सांग सगळ्यांना," देल्फिना सुरी पुसत म्हणाली. "तोंड दिलंय ना देवानं?"

"आज नको. पोरांच्या कानावर गेलं तर पाय चालायचे नाहीत त्यांचे."

"पाय? ह्या वर्षी कधी चालले ते?"

तथापि चौकात तोही गेला नाही आणि तीही.

संध्याकाळी युद्धास तोंड लागले. अठ्ठावीसशे माणूस आत कोंबले. रोकाल्ताकर तीनशे, ढोल घेवोन आले. आणि पहिल्या चेंडूबरोबर आभाळ ऐसे कोसळले की छपरावरील पावसापुढे ढोल ऐकू येईना. निम्मा खेळ जाहला तेव्हां यजमान एक्केचाळीस, गनीम चव्वेचाळीस. तिसरा डाव लागला, आणि चार मिनिटांत अमेरिकेचे सरदार टेरेल ब्रॅकेन, उंची दोन मीटर सहा सेंटिमीटर, चेंडू घेवोन मुसंडी मारिते जाहले, आणि फ्री थ्रोच्या रेषेवर त्यांचे दोन्ही पाय आकाशात गेले, आणि ते पाठीवर पडोन घसरत थेट छायाचित्रकारांत जाऊन मिळाले.

नाझारेनो धावला आणि पुसले. पुसोन वर पाहतो तो नाकावर थेंब. थेंबाने आपली जागा नेमकी निवडिली होती. छताच्या मधल्या तुळईस एक मोठा बोल्ट, त्याच्या टोकाशी पाणी जमावे, फुगावे, आणि दर अकरा सेकंदांस अकरा मीटर खाली यावे. साऱ्या मोसमात मोंतेवेर्नोच्या बाजूने रेषेवर इतकी नेमबाजी कोणी केली नव्हती.

मुख्य पंच लोरेन्झा पियोवान नामे बाई होत्या, उत्तरेकडील, करड्या शिस्तीच्या. त्यांणी शिटी मारिली, बोट जमिनीस लावोन पाहिले, आणि हुकूम फर्माविला की अर्ध्या तासात मैदान कोरडे जाहले तर खेळ पुढे चालेल. न जाहले तर यजमानांची कसूर धरोन सामना शून्य विरुद्ध वीस ऐसा गनिमास देण्यात येईल. हे ऐकोन रोकाल्ताकरांत आनंदाची लाट उठली.

"पोहायच्या टोप्या आणायला हव्या होत्या रे!" त्यांच्यातला एक ओरडला.

"आश्युत्ता! आश्युत्ता!" बाकीचे तीनशे ढोलाच्या ठेक्यावर गाऊ लागले.

वरती मानकऱ्यांच्या सज्जात कोम्मेन्दातोरे यांणी चेहरा अत्यंत दुःखी केला आणि घड्याळ पाहिले.

मग मैदानाच्या मधोमध खलबत बसले. सेनापती चिंगोलानी म्हणजे फौजेचे कप्तान एलिया, वय सदतीस, गुडघे पंचाहत्तर, ते म्हणाले की मैदानात बादली ठेवू आणि तिला वळसा घालोन खेळू. पंचबाईंनी नियम दाखविला. बंबवाल्यांस फोन केला. ते म्हणाले की खालच्या आळीत तळघरे भरली आहेत, उद्या सकाळी पाहू. एकजण म्हणाला की छत्री उघडोन धरावी; ती कोणी आणि कोठे उभे राहोन धरावी हे त्यास विचारता तो जागेवर जाऊन बसला. अखेर नाझारेनो चिकटपट्टी घेवोन निघाला. छताखाली दिव्यांपर्यंत जाण्यास लोखंडी शिडी आणि पुढे अरुंद पायवाट आहे. त्यावर तो गुडघे धरीत चढला, ओणवा होवोन बोल्टास पट्टी गुंडाळिली, आणि खाली टाळ्या पडल्या. दोन मिनिटे थेंब थांबला. मग पट्टी पाणी पिवोन फुगली आणि सुटोन सरदार ब्रॅकेन यांच्या टकलावर बसली.

नाझारेनो खाली उतरला तेव्हां अठरा मिनिटे सरली होती. तो पहिल्या पायरीवर मटकन बसला. बावीस साले जी जमीन गुडघ्यांवर बसोन पुसली, तिच्यावर थेंब पडत होता, आणि त्यास प्रथमच पुसावयास जावे ऐसे वाटेना. इतक्यात देल्फिना अंगावरील चरबीच्या डागांसह गर्दीतून आत आली.

"बसलास होय?" ती म्हणाली. "बाहेर माझ्या गाडीचं छत चार वर्षं गळतंय. एक थेंब पडलाय कधी पावावर?"

"तुझं छत हाताला येतं, देल्फिना. हे अकरा मीटर आहे."

"पाण्याला काय कळतंय किती मीटर? त्याला दोरी दाखवायची. दोरी जिकडे जाते तिकडे जातं ते मुकाट्यानं." आणि तिने एप्रनाच्या खिशातून सुती दोरीचा गुंडा काढोन त्याच्या मांडीवर टाकिला. "थेंब थांबवू नकोस. त्याला वाट दे. ऊठ."

नाझारेनो पुनः चढला. या खेपेस उजवा गुडघा शिडीच्या निम्म्यावर वाकेनासा जाहला, आणि तो तेथे हात गुंडाळोन मिनिटभर लटकला, आणि खालील अठ्ठावीसशे माणसांनी श्वास धरिला. पायवाटेवर पोहोचोन त्याने प्रथमच खाली नीट पाहिले. सारे गाव एके ठिकाणी मांडिलेले दिसत होते: न्हावी, औषधवाला, शाळेच्या बाई, तिसऱ्या रांगेतील ती जागा. ही माणसे पुढील रविवारी कोठे जातील, हा विचार त्याच्या मनात आला. मग त्याने बोल्टास दोरीची गाठ मारिली, गुंडा खाली सोडिला, आणि सरदार ब्रॅकेन यांणी तो वरच्यावर झेलिला. बिनचूक झेललेला तो त्यांचा त्या दिवशीचा पहिला चेंडू म्हणावा.

आता दोरी न्यावी कोणीकडे? चेंडूच्या वाटेत न येता तिरकी उतरेल ऐशी दिशा एकच निघाली, ती मानकऱ्यांच्या सज्जाची. देल्फिना दोरीचे टोक घेवोन सज्जात चढली. तेथे आणखी एक पेच. सज्जास कोम्मेन्दातोरे यांणी हौसेने काचेचा कठडा बसविला होता. दोरी खुर्चीस बांधिली तर काचेवर टेके, आणि पाणी टेकल्या जागेवरोन पुनः मैदानात गळे. सबब कोणीतरी काचेपाशी उभे राहोन, हात उंच करोन, दोरी ताणोन धरिली पाहिजे. पाच मिनिटे उरली होती. देल्फिनेने सज्जातील समस्त मानकऱ्यांवर नजर फिरविली आणि टोक थेट कोम्मेन्दातोरे यांच्यापुढे केले.

"धरा जरा, प्रेसिदेन्ते."

"मी?"

"मग काय मी? माझ्या हाताला डुकराची चरबी आहे, निसटेल. तुमचे हात स्वच्छ आहेत ना?"

कोम्मेन्दातोरे यांणी आजूबाजूस पाहिले. नगराध्यक्ष एकाएकी बुटाची नाडी बांधू लागले. आणि इतक्यात खालील रांगांतून एकाने आरोळी दिली, "धरा!" मग दहांनी, मग साऱ्या दिवाणखान्याने पाय आपटीत एकच गजर मांडिला: "धरा! धरा!" तेव्हां कोम्मेन्दातोरे साल्तारेल्ली, ज्यांणी नऊ सालांत दौलतीसाठी हात फक्त छायाचित्रात उचलिला होता, ते उभे राहिले आणि दोरी धरिते जाहले. थेंब बोल्टावरोन निघाला, दोरीवर चढला, आणि माणसांच्या डोक्यांवरोन डुलत डुलत येवोन त्यांच्या मुठीवर उतरला, आणि तेथून बाहीत शिरोन काखेत विसावला. मागाहून येणाऱ्या थेंबांसाठी शॅम्पेनच्या बर्फाची बादली खाली ठेविली.

पंचबाईंनी जमिनीस बोट लाविले. जमीन कोरडी. शिटी वाजली.

मग घोर युद्ध जाहले, म्हणजे दोन्ही फौजा आळीपाळीने चुकू लागल्या. घड्याळात खेळ सोळा मिनिटांचा, परंतु शिट्या, विश्रांती आणि वादविवाद धरोन तो पाऊण तास चालला, आणि तो सर्व काळ कोम्मेन्दातोरे हात वर करोन उभे. प्रथम लोक हसले. मग हसता हसता त्यांचे नाव घेऊ लागले. मग गाऊ लागले. नऊ सालांत त्यांचे नाव या दिवाणखान्यात आईबहिणीशिवाय कोणी घेतले नव्हते. अखेरच्या दोन मिनिटांस यजमान एकाहत्तर, गनीम बहात्तर. तेव्हां दोरी सैल पडली, काचेस टेकली, आणि एक थेंब मैदानाच्या कडेस पडला. नाझारेनोने तो पुसला, वर पाहिले, आणि पोछा तसाच हाती घेवोन सज्जाच्या पायऱ्या चढला.

"हात बदलू या, कोम्मेन्दातोरे," तो हळूच म्हणाला. "द्या माझ्याकडे."

"मुंग्या आल्यात नुसत्या." कोम्मेन्दातोरे यांचा चेहरा पांढरा पडला होता. "पडलीच दोरी तर काय? माणूस थकतो. कोण काय म्हणणार?"

"कुणी काही म्हणणार नाही. पण मला सकाळचं ठाऊक आहे. टॉवेल ठेवायला आलो होतो मी."

कोम्मेन्दातोरे यांणी मान त्याच्याकडे वळविली.

"मग कुणाला सांगितलं का नाहीस?"

"मॅच होती ना," नाझारेनो म्हणाला.

आणि त्याने दोरीस हात घातला. परंतु खाली लोक गातच होते. कोम्मेन्दातोरे यांणी दुसरा हात पहिल्या मनगटाखाली दिला, दोरी पुनः काचेवरोन उचलिली, आणि म्हणाले, "सोड. मीच धरतो." ही लाज होती की निष्ठा, की नाव ऐकण्याची हौस, हे नाझारेनोस समजले नाही, आणि बखरकारासही समजले नाही. तो पोछा घेवोन खाली गेला.

सहा सेकंद उरले. सरदार ब्रॅकेन यांणी चेंडू फेकिला, तो कड्यास लागोन उडाला. तो अडवावयास रोकाल्ताचा एक धिप्पाड वीर उडाला, त्याच्या पाठीस चेंडू लागला, आणि तेथून तो त्याच्याच बाजूच्या कड्याच्या जाळीत निवांत उतरला. शिटी. यजमान त्र्याहत्तर, गनीम बहात्तर. आता नियम ऐसा की, गनिमाने चुकोन स्वतःवर गुण केले तर ते प्रतिपक्षाच्या कप्तानाच्या नावे मांडावे. कप्तान चिंगोलानी त्या घटकेस मैदानाच्या दुसऱ्या टोकास पोटरीतील गोळा चोळीत बसले होते. त्यांच्या नावे दोन गुण मांडिले, आणि त्यांच्या कारकिर्दीतील ते सर्वांत निर्णायक ठरले.

मग जो कल्लोळ जाहला त्याचे वर्णन काय करावे! कोम्मेन्दातोरे यांस खांद्यांवर घेतले. त्यांचा हात खाली येईना, तो तसाच वर राहिला, आणि लोकांस वाटले की ते अभिवादन करितात. टीव्हीवाल्यांपुढे त्यांणी जाहीर केले की मोंतेवेर्नो सोडण्याचा विचार त्यांच्या स्वप्नातही कधी आला नाही, आणि आणखी दहा साले ते या मातीतच राहणार. नाझारेनो शेजारी उभा राहोन ऐकत होता. त्याने मान हलविली आणि शॅम्पेनची बादली रिकामी करावयास नेली.

बाहेर पाऊस ओसरला होता. देल्फिनेच्या गाडीपाशी रोकाल्ताकर उभे होते, कारण त्यांची बस चिखलात रुतली होती. ढोल वाजविणारा म्हातारा ढोलावरच बसोन होता. नाझारेनो त्यास तीस सालांपासोन ओळखीत असे, म्हणजे तीस साले परस्परांस शिव्या देत असे. नाव मात्र ठाऊक नव्हते.

"हसून घे, मोंतेवेर्नो," म्हातारा म्हणाला. "तुमचा दिवस आहे."

"हसलो मघाशी," नाझारेनो म्हणाला. "आता पुढं काय तुमचं?"

"हौशी लोकांत. खालच्या मुलखातली गावं. नावंसुद्धा माहीत नाहीत मला. त्यांना शिव्या काय द्यायच्या? त्यांनी आमचं काय केलंय?" आणि त्याने ढोलावर एक बोट वाजविले. "आणि तुम्ही रे? वर्षातून दोनदा कोण येणार तुमच्याकडे भांडायला?"

 हा हिशेब साऱ्या मोंतेवेर्नोत त्या संध्याकाळपर्यंत कोणी केला नव्हता. देल्फिनेने सुरी उचलिली, डुकराच्या खरपूस कातडीचा जाड काप तोडिला, पावात घातला, आणि म्हाताऱ्याच्या हाती दिला.

"नाव काय हो तुमचं?" तिने विचारिले.

"आद्येमो."

"तर आद्येमो, वर्षभरात वर या परत. ह्यांना एकट्यांना नाही जमत भांडायला."

मग नाझारेनो आणि देल्फिना आणि आद्येमो आणि आणखी सात रोकाल्ताकर यांणी चिखलात उतरोन बस ढकलिली. ती निघताना आतून कोणीतरी मोंतेवेर्नोच्या मातेविषयी एक अपशब्द ओरडले, आणि नाझारेनोच्या जिवास बरे वाटले.

येणेप्रमाणे मे महिन्याच्या तिसऱ्या रविवारी मोंतेवेर्नो मुक्कामी आश्युत्ता कोस्तांत्सा दौलतीस त्र्याहत्तर विरुद्ध बहात्तर ऐशी फत्ते जाहली. जखमी: कोट एक, गुडघा एक. लूट: काही नाही. दिवाणखान्याच्या दारावर संगमरवरी शिळा बसविली, तिजवर कोम्मेन्दातोरे यांणी स्वहस्ते दौलत सावरिली ऐसे कोरिले असे, आणि ते अक्षरशः खरे असल्यामुळे कोणास हरकत घेता आली नाही. शिळेवर दुसरे नाव नाही. रोकाल्तासारखा शत्रू गमाविला, हे मोंतेवेर्नोचे नुकसान विजयाच्या यादीत मांडावे की पराजयाच्या, याचा निवाडा न होता त्यासाठी जागा कोरी सोडोन हा मजकूर येथे पुरा केला.